आम्ही, तुम्ही आणि आपण

मराठीत प्रथमपुरुषी अनेकवचनासाठी दोन शब्द आहेत, 'आम्ही' आणि 'आपण'. शालेय व्याकरणात हा भेद एका ओळीत उरकला जातो. ऐकणारा ज्यात धरलेला नाही तो 'आम्ही'. ऐकणारा ज्यात धरलेला आहे तो 'आपण'. 'आम्ही उद्या गणपतीपुळ्याला जाणार आहोत' असे कोणी सांगितले, तर ऐकणाऱ्याने 'जाऊन या' म्हणायचे असते. 'आपण उद्या गणपतीपुळ्याला जाऊ' असे म्हटले, तर त्याने पिशवी भरायला घ्यायची असते. इंग्रजीच्या 'वी'ला किंवा हिंदीच्या 'हम'ला हा फरक एका शब्दात दाखवता येत नाही. गुजरातीत 'अमे' आणि 'आपणे' आहेत, तमिळमध्ये 'नांगळ' आणि 'नाम' आहेत. मराठी-गुजरातीत हा भेद द्राविडी भाषांच्या शेजारातून आला असावा, असे भाषाभ्यासक मानतात. म्हणजे आपल्यातला कोण आणि बाहेरचा कोण, हे सांगण्याची सोयदेखील आपल्या भाषेने बाहेरच्यांकडूनच घेतलेली असावी.

साहित्यातील 'अन्य' किंवा 'इतर' ह्या संकल्पनेवर गेल्या काही दशकांत पुष्कळ लिहिले गेले आहे. एडवर्ड सैद यांचा 'ओरिएंटॅलिझम' (१९७८) हा ग्रंथ आणि गायत्री चक्रवर्ती स्पिवाक यांचा 'कॅन द सबाल्टर्न स्पीक?' (१९८८) हा निबंध आता पदव्युत्तर वर्गांना परिचित आहेत. परंतु ही चर्चा वर्गात येते ती बहुधा दूरची उदाहरणे घेऊन. पौर्वात्य आणि पाश्चात्त्य, वसाहत आणि साम्राज्य अशा मोठ्या जोड्यांत ती चालते, आणि विद्यार्थी ती उत्तरपत्रिकेत लिहून मोकळे होतात. आम्ही रत्नागिरीत वाढलो आणि ह्याच जिल्ह्यात अनेक वर्षे मराठी शिकवत आलो. हा प्रश्न आम्हाला भेटला तो मोठ्या जोड्यांतून नव्हे, वर उल्लेखिलेल्या दोन लहान सर्वनामांतून. त्याच वाटेने तो येथे मांडावा असे वाटते.

ह्या लेखात आम्ही स्वतःला 'आम्ही' म्हणतो आहोत. मराठी निबंधाचा तो जुना रिवाज आहे. विष्णुशास्त्री चिपळूणकरांनी १८७४ पासून सात वर्षे 'निबंधमाला' चालवली, आणि तिच्यातील 'आम्ही'ने मराठी गद्याला एक भारदस्त आवाज दिला. पुढे वृत्तपत्रांच्या अग्रलेखांनी तो उचलला. ह्या 'आम्ही'त बोलणारा माणूस एकच असतो. पण त्याच्या पाठीशी माणसांनी भरलेले सभागृह असावे, असा भास होत राहतो. त्या सभागृहात कोण बसले होते आणि कोण बाहेर उभे होते, हे विचारावे लागते. त्याच 'निबंधमाले'त जोतीराव फुले आणि सत्यशोधक समाज यांच्यावर बोचरी टीका झाली. १८८५ मध्ये मराठी ग्रंथकार सभेचे निमंत्रण आले, तेव्हा फुल्यांनी पत्र लिहून ते नाकारले. ज्यांच्या विचारांत आणि ग्रंथांत आमच्या मानवी हक्कांना जागा नाही त्यांच्याशी आमच्या ग्रंथांचा मेळ बसणार नाही, असा त्या पत्राचा आशय आहे. मराठी गद्यात एका 'आम्ही'ला दुसऱ्या 'आम्ही'ने दिलेले हे एक आरंभीचे आणि स्पष्ट उत्तर होय.

रत्नागिरीजवळच्या मालगुंडला केशवसुतांचा जन्म झाला. तेथे त्यांचे स्मारक आहे आणि दर वर्षी शाळा-महाविद्यालयांच्या सहली तेथे जातात. 'आम्ही कोण?' हे त्यांच्या कवितेचे शीर्षक ज्याला ठाऊक नाही, असा मराठीचा विद्यार्थी विरळा. त्या कवितेतील 'आम्ही' कवींचा आहे. तो जातीचा नाही, गावाचा नाही, धर्माचाही नाही. आणि म्हणूनच तो इतका मोकळा आणि निर्भय होऊ शकला. पण शीर्षकापुढचे प्रश्नचिन्ह कवितेतून बाहेर काढून कोकणावर ठेवले, तर उत्तर सोपे राहत नाही.

वस्तुतः ह्या किनाऱ्यावर 'मूळचा' कोण, हे ठरवणे दंतकथांनाही जमलेले नाही. परशुरामाने समुद्र मागे हटवून ही भूमी मिळवली, अशी कथा आहे. ती खरी मानली तर येथे प्रत्येक जण नंतरच आलेला असणार. समुद्राने किनाऱ्याला लावलेल्या देहांना परशुरामाने जिवंत केले आणि त्यांच्यापासून चित्पावन झाले, ही एक कथा. उत्तरेकडे अलिबागजवळच्या नवगावला जहाज फुटले, त्यातून सात पुरुष आणि सात स्त्रिया वाचल्या आणि त्यांचे वंशज बेने इस्राएल झाले, ही दुसरी. कोकणी मुसलमान आपले मूळ अरब व्यापारी आणि खलाशी यांच्याशी जोडतात. तिन्ही कथांत माणूस पाण्यातून येतो. तरीही त्यांतील एक कथा 'आमचा इतिहास' म्हणून सांगितली जाते आणि दुसरी 'त्यांचे येणे' म्हणून. म्हणजे परकेपण येण्याच्या दिशेवर ठरत नाही. कोणाची कथा कोणत्या सर्वनामात सांगितली जाते, त्यावर ते ठरते.

कोकणातील गावाची रचनाही हेच शिकवते. गाव एकसंध नसते. ते वाड्यांचे असते. ब्राह्मणआळी, कुणबीवाडी, भंडारवाडी, बौद्धवाडी, मोहल्ला. दोन अनोळखी माणसे एसटीत शेजारी बसली की पहिला प्रश्न 'कुठले तुम्ही?' असा असतो. गावाचे नाव कळले की दुसरा प्रश्न येतो, 'कुठल्या वाडीतले?' पहिला प्रश्न 'आपण' शोधतो, दुसरा 'आम्ही' आणि 'तुम्ही' वेगळे करतो. दोन्ही प्रश्न सारख्याच आपुलकीच्या सुरात विचारले जातात.

परका म्हणून ज्याच्याकडे बोट दाखवता येईल असा एक माणूस मात्र रत्नागिरीला पूर्ण कागदपत्रांसह मिळाला. ब्रह्मदेशाचा शेवटचा राजा थिबा याला इंग्रजांनी १८८५ मध्ये मंडालेहून उचलले आणि १८८६ मध्ये रत्नागिरीला आणून ठेवले. १९१० मध्ये तो भाट्याच्या खाडीकडे पाहणाऱ्या नव्या राजवाड्यात राहायला गेला आणि १९१६ मध्ये येथेच वारला. १९१९ मध्ये त्याची राणी सुपायालत ब्रह्मदेशी परतली. थोरली राजकन्या मात्र पुढे पुन्हा रत्नागिरीला आली. राजवाड्यावर नोकरीस असलेल्या गोपाळ सावंत यांच्यापासून तिला झालेली मुलगी, टुटू, हिने आपले आयुष्य ह्याच शहरात काढले. विसाव्या शतकाच्या अखेरपर्यंत ती हयात होती. राजाची ही नात मराठी बोलत होती आणि हलाखीत जगत होती.

ही कथा जगापुढे आली ती इंग्रजीतून. अमिताव घोष यांच्या 'द ग्लास पॅलेस' (२०००) ह्या कादंबरीचा एक भाग रत्नागिरीत घडतो. सुधा शाह यांनी 'द किंग इन एक्झाइल' (२०१२) ह्या ग्रंथात राजकुटुंबाचा साधार इतिहास लिहिला. आम्हाला येथे एक गोष्ट लक्षात घ्यावीशी वाटते. टुटूला रत्नागिरीने 'आपली' म्हटले. तिची भाषा आपली झाली, तिचा संसार आपल्यात झाला, तिच्याबद्दल लोक आजही जिव्हाळ्याने बोलतात. पण तिने स्वतः 'आम्ही' म्हणून काही लिहून ठेवलेले नाही. ती सामावली गेली, आणि सामावली जाताना तिचा आवाज आपल्यापर्यंत लिखित रूपात पोहोचला नाही. समावेशाची ही एक बाजू आहे, आणि ती नेहमीच आनंदाची असते असे म्हणता येणार नाही. 'आपण' हा शब्द उदार आहे; पण तो उच्चारणारा बलवान असेल तर समोरच्याला 'आम्ही' म्हणण्याची संधीच उरत नाही.

ह्याच्या उलट दोन लेखक आहेत. दोघेही ह्याच जिल्ह्याचे, दोघेही मराठीत लिहिणारे, आणि दोघांनीही 'आपण'मध्ये विरघळण्याआधी आपली जागा शब्दांत नोंदवली.

पहिले हमीद दलवाई. चिपळूणजवळचे मिरजोळी हे त्यांचे गाव, जन्म १९३२चा. 'लाट' (१९६१) हा कथासंग्रह आणि 'इंधन' (१९६५) ही कादंबरी लिहिणारा हा लेखक आज अधिक ओळखला जातो तो १९७० मध्ये मुस्लिम सत्यशोधक मंडळ स्थापन करणारा सुधारक म्हणून. त्यामुळे त्यांच्यातील कादंबरीकार मागे पडला. 'इंधन'चा निवेदक दीर्घ काळाने गावी परतलेला कोकणी मुसलमान आहे. तो 'मी' म्हणून बोलतो, आणि त्या 'मी'ला टेकायला कोणताच 'आम्ही' जवळ नाही. घरच्यांच्या 'आम्ही'त तो बसत नाही, कारण त्याच्या श्रद्धा त्यांच्या श्रद्धा नाहीत. गावातील बहुसंख्याकांच्या 'आम्ही'त तो बसू शकत नाही, कारण त्यांच्या दृष्टीने तो मोहल्ल्यातला आहे. कादंबरीत गावातील निरनिराळ्या समाजांचे हितसंबंध, वासना आणि जुनी वैरे एकमेकांत गुंतत जातात आणि शेवटी पेट घेतात. ह्या आगीत कोणताही समाज निव्वळ बळी म्हणून किंवा निव्वळ गुन्हेगार म्हणून उभा केलेला नाही. अल्पसंख्याक लेखकाने आपल्या समाजाची बाजू मांडावी, अशी एक अलिखित अपेक्षा असते. दलवाईंनी ती पाळली नाही. परक्याने परका म्हणून कसे वागावे, हेही आपणच ठरवून ठेवलेले असते. त्या साच्यात न बसणारा लेखक दोन्हीकडून परका होतो.

ह्याचा प्रत्यय त्यांच्या निधनानंतर पस्तीसहून अधिक वर्षांनीही आला. जानेवारी २०१३ मध्ये चिपळूणला अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन भरले. निमंत्रणपत्रिकेवरील परशुरामाच्या चित्रावरून वाद झाला. दलवाईंच्या मिरजोळीच्या घरापासून ग्रंथदिंडी काढावी, ह्या कल्पनेलाही स्थानिक विरोध झाला. एकाच संमेलनात, एकाच तालुक्यात, हे दोन्ही प्रसंग घडले. एका ठिकाणी प्रश्न होता की ह्या भूमीचे प्रतीक कोणाचे; दुसऱ्या ठिकाणी प्रश्न होता की हा लेखक कोणाचा. साहित्याची दिंडी कोणत्या दारापासून निघावी, ह्यावर आपले एकमत होत नाही, कारण त्या दिंडीतील 'आपण' कोण हे अजून ठरलेले नाही.

दुसऱ्या लेखिका ऊर्मिला पवार. १९४५चा जन्म, रत्नागिरी तालुक्यातील फणसवळे हे गाव. 'आयदान' हे त्यांचे आत्मकथन २००३ मध्ये प्रसिद्ध झाले. आयदान म्हणजे बांबूपासून विणलेल्या वस्तू. सूप, रोवळी, टोपली, हारा. महाराष्ट्राच्या इतर भागांत हे काम बुरुडांचे. कोकणात ते महार समाजाकडे होते. लेखिकेचे वडील शिक्षक होते. त्यांच्या मृत्यूनंतर आईने आयदाने विणून मुलांना वाढवले. ते विणणे आणि आपले लिहिणे ह्यांत लेखिकेला एकच वीण दिसते.

'आयदान'च्या आरंभी डोंगरवाटेने डोक्यावर ओझी घेऊन रत्नागिरीच्या बाजाराला निघालेल्या बायका आहेत. तो बाजार आमच्या ओळखीचा आहे. मराठी कथा-कादंबऱ्यांतही तो नवा नव्हता. पण साहित्यात आम्ही ज्या कोकणात वाढलो, त्याच्याकडे पाहण्याची जागा बहुधा घराची ओटी ही होती. श्री. ना. पेंडसे यांची 'तुंबाडचे खोत' (१९८७) ही विशाल कादंबरी जगबुडी नदीकाठच्या एका खोत घराण्याच्या पिढ्यांचा उदयास्त सांगते. खोतांच्या मग्रुरीवर आणि ऱ्हासावर ती जे लिहिते, त्याला मराठीत तोड नाही. कायद्याने खोती १९४९ मध्ये संपली; कादंबरीत ती आपल्या सर्व वैभवासह आणि पापांसह जिवंत राहिली. तरीही तिच्यात कथेचा दिवा खोताच्या घरात लागतो आणि तेथून अंगणात उजेड पडतो. 'आयदान' वाचताना दिव्याची जागा बदलते. तोच डोंगर, तोच घाम काढणारा उतार, तोच बाजार. पण आता आपण ओटीवरून येणाऱ्या बाईकडे पाहत नाही, तर ओझ्याखालून ओटीकडे पाहतो. मराठी घरात सूप आणि रोवळी कायम होती. ते विणणारा हात मात्र साहित्यात क्वचितच 'मी' म्हणून बोलला होता.

ह्या संदर्भात ऊर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांच्या दुसऱ्या एका ग्रंथाच्या नावाकडे आम्ही विद्यार्थ्यांचे लक्ष वेधतो. आंबेडकरी चळवळीतील स्त्रियांचा शोध घेणाऱ्या त्या ग्रंथाचे नाव 'आम्हीही इतिहास घडवला' (१९८९) असे आहे. इंग्रजी भाषांतरात 'वी ऑल्सो मेड हिस्ट्री' असे झाले, आणि ते अचूकच आहे. पण मराठी वाचकाला त्या नावात एक गोष्ट अधिक ऐकू येते. 'आपणही' असे ते म्हणत नाही. 'आम्हीही' म्हणताना बोलणाऱ्या स्त्रिया वाचकाला बाहेर उभे करतात, आणि 'ही' ह्या अव्ययाने सांगतात की तुमचा इतिहास लिहिताना आम्ही गृहीत धरलेल्या नव्हतो. ग्रंथ उघडण्याआधीच वाचक 'तुम्ही' झालेला असतो.

असे 'तुम्ही' होणे हाच ह्या साहित्याच्या वाचनाचा गाभा आहे, असे आम्हाला वाटते. जो वाचक आयुष्यभर प्रत्येक पुस्तकाच्या 'आपण'मध्ये आपोआप सामावत आला, त्याला पहिल्यांदाच कळते की आपल्याकडेही कोणीतरी बाहेरून पाहत होते. त्याची अस्वस्थता घालवण्याची घाई करू नये. 'शेवटी आपण सगळी माणसेच' हे वाक्य खोटे नाही. पण पहिल्या पानावरच ते उच्चारले तर पुढची पाने वाचण्याची गरज राहत नाही.

वर्गातील एक प्रसंग येथे सांगण्यासारखा आहे. काही वर्षांपूर्वी तृतीय वर्षाच्या विद्यार्थ्यांना आम्ही 'आमचे कोकण' ह्या विषयावर लिहायला सांगितले होते. बहुतेक निबंधांत लाल माती, फणस, गणपती, शिमग्याची पालखी आणि मुंबईहून येणारे चाकरमानी होते. बौद्धवाडीतील एका मुलाने चौदा एप्रिलच्या मिरवणुकीवर आणि तिच्या मार्गाविषयी दर वर्षी होणाऱ्या वाटाघाटींवर लिहिले. खाडीकाठच्या गावातून येणाऱ्या एका मुलीने कुवेतला असलेल्या वडिलांवर लिहिले. दोन वर्षांनी एकदा येणारे वडील, त्यांच्या फोनची वेळ, त्यांच्या पैशांतून बांधलेले आणि बहुतेक खोल्या बंद असलेले नवे घर. निबंधाच्या तळाशी तिने एक ओळ लिहिली होती, की हे कोकणाबद्दल नाही असे वाटल्यास गुण कापावेत.

तिच्या संमतीने आम्ही तो निबंध वर्गात वाचला. वाचून झाल्यावर मागच्या बाकावरचा एक मुलगा अगदी मनापासून म्हणाला, "हे तर आपलंच आहे की. माझे बाबापण मुंबईहून असेच येतात." ती क्षणभर थांबली आणि म्हणाली, "आपलं आहेच. पण लिहिलंय ते आमचं." तिच्या बोलण्यात राग नव्हता. त्या मुलालाही तो अपमान वाटला नाही. पुढचा अर्धा तास वर्ग चाकरमानी आणि आखाती नोकरदार यांच्यात काय सारखे आणि काय वेगळे, यावर बोलत राहिला. मुंबईहून येणाऱ्याला कोणी 'तुम्ही इथलेच ना?' असे विचारत नाही, हा फरक त्या मुलानेच बोलून दाखवला. तिने 'आमचं' असे म्हटले नसते, तर ह्या फरकापर्यंत वर्ग पोहोचलाच नसता.

सांस्कृतिक अस्मितेबद्दल आपल्याकडे दोन टोकांची भाषा बोलली जाते. एका टोकाला प्रत्येक समूहाने आपल्या 'आम्ही'भोवती कुंपण घालावे आणि त्याच्यावर इतरांनी लिहूच नये, असे सुचवले जाते. दुसऱ्या टोकाला देशी, मराठी किंवा कोकणी अशा एका मोठ्या 'आपण'मध्ये सर्वांनी निमूट यावे, अशी अपेक्षा असते. पहिल्या मार्गाने साहित्याच्या वाड्या होतात, आणि दुसऱ्या मार्गाने वाड्या तशाच राहून त्यांची नावे तेवढी पुसली जातात. दलवाई आणि ऊर्मिला पवार ह्यांतील कोणत्याच मार्गाने गेले नाहीत. दोघांनी मराठी वाचकाला 'तुम्ही' म्हणून समोर बसवले आणि आपले घर, त्यातील दोषांसह, त्याला दाखवले. दलवाईंनी आपल्या समाजाची झाडाझडती घेतली. 'आयदान'च्या लेखिकेने जातीचा अन्याय सांगताना स्वतःच्या घरातील आणि चळवळीतील पुरुषी वर्चस्वही लपवले नाही. परक्याशी असे बोलता येते, ते त्याच्याशी नाते जोडायचे असते म्हणूनच.

'आपण' ह्या शब्दाचा आणखी एक अर्थ मराठीत आहे, तो आम्ही मुद्दाम शेवटी ठेवला. ज्याला 'तू' म्हणता येत नाही आणि 'तुम्ही'ही अपुरे वाटते, त्या आदरणीय माणसाला आपण 'आपण' म्हणतो. 'आपण कधी आलात? आपण बसावे.' म्हणजे समोरच्याला पूर्ण मानाने दुसरा मानणे आणि त्याला आपल्यात धरणे, ह्या दोन्ही गोष्टींसाठी ह्या भाषेकडे एकच शब्द आहे. साहित्याच्या वर्गात ह्या दोन अर्थांचा क्रम चुकू देऊ नये, एवढेच आम्हाला सांगायचे आहे. आधी समोरच्याचे 'आम्ही' शेवटपर्यंत ऐकून घ्यावे, त्याला मानाने 'आपण बोला' म्हणावे. मग एकत्र कोठे जायचे ते ठरवता येईल.